‘हाउस’नंतर नोबुहिको ओबायाशीचं काय बघावं?

खडकवासला

मागच्या शनिवारी मित्राच्या खोलीवर आम्ही पाच-सहा जणांनी ‘हाउस’ पाहिला. १९७७ चा, जपानी. ज्यांनी पाहिला नसेल त्यांच्यासाठी: सात शाळकरी मैत्रिणी उन्हाळ्याच्या सुट्टीत एकीच्या मावशीकडे राहायला जातात आणि ते घर त्यांना एकेक करून खातं. पियानो एका मुलीची बोटं खातो, गाद्या अंगावर कोसळतात, विहिरीतून कलिंगडाच्या जागी डोकं वर येतं. आमच्यातले बाकीचे पोट धरून हसत होते.

मध्येच एक प्रसंग येतो. मावशीच्या तरुणपणाची गोष्ट, जुन्या मूकपटासारखी. तिचा ठरलेला नवरा सैन्यात जातो आणि परत येत नाही. त्याच ओघात पडद्यावर अणुबाँबचा ढग फुलतो आणि ते पाहणारी एक मुलगी सहज म्हणते, म्हातारीच्या केसांसारखा दिसतोय, आपण जत्रेत खातो तसा. माझं हसणं तिथे थांबलं आणि पुढे परत सुरू झालं नाही. तेव्हापासून ते वाक्य डोक्यात आहे.

हा दिग्दर्शक कोण, असा चित्रपट काढायला तोहोसारख्या मोठ्या स्टुडिओने त्याला पैसे कसे दिले, आणि यानंतर त्याचं काय बघावं? शोधलं तर चाळीसच्या वर चित्रपट दिसतात. कुठून सुरुवात करू?

•

जुना_स्टीनबेक

तुम्ही ज्या वाक्यावर थांबलात तिथूनच सुरुवात करायला हवी, पण आधी थोडं मागचं सांगतो. लांब लिहिणार आहे. ओबायाशीबद्दल कुणी विचारावं याची मी खरंच वाट बघत होतो.

माझा धंदा संकलनाचा. नव्वदच्या दशकात मुंबईत जाहिरातपट कापले, नंतर मालिका. ‘हाउस’ पहिल्यांदा पाहिला तेव्हा कथेकडे माझं लक्षच गेलं नाही. मी कट बघत होतो. आणि पहिल्या दहा मिनिटांत वाटलं, हा माणूस आपल्या धंद्यातला आहे. प्रत्येक शॉट असा लावलाय की तो एकटाच विकला जावा. मुलीच्या केसांवरचा प्रकाश बघा, सावत्र आई पहिल्यांदा गच्चीत येते तेव्हा वाऱ्यावर संथ उडणारा तिचा पांढरा स्कार्फ आणि मागचं नारिंगी रंगवलेलं आकाश बघा. ही साबणाच्या, अत्तराच्या जाहिरातीची भाषा आहे. नंतर वाचलं तेव्हा कळलं, तो खरोखर तिथूनच आला होता.

जन्म ९ जानेवारी १९३८, ओनोमिची गावात. हिरोशिमा प्रांतातलं, समुद्राकाठचं, डोंगराच्या उतारावर वसलेलं गाव. वडील डॉक्टर. ते युद्धावर गेले आणि मुलगा आजोळी वाढला. घरात एक खेळण्यातला प्रोजेक्टर सापडला, फिल्मचे तुकडे हाताने फिरवायचे तो. मुलगा त्या फिल्मवर स्वतः चित्रं काढून ती हलवून बघायला लागला. म्हणजे कॅमेरा हातात येण्याच्या कितीतरी आधी त्याच्या हातात फिल्मची पट्टी होती. आम्हा संकलकांना ही गोष्ट फार मोलाची वाटते. चित्र टिपायच्या आधी चित्र जोडायला शिकलेला माणूस वेगळा विचार करतो, आणि ओबायाशीच्या चित्रपटांत शेवटपर्यंत ते दिसतं.

वडिलांच्या इच्छेखातर वैद्यकीय शिक्षणाकडे वळला, ते सोडलं, आणि १९५६ साली तोक्योच्या सेइजो विद्यापीठात दाखल झाला. तिथे ८ मिमीवर छोटे चित्रपट सुरू झाले. तिथेच क्योको भेटली, पुढे बायको झाली आणि त्याच्या बहुतेक चित्रपटांची निर्मातीही. साठच्या दशकात ताकाहिको इइमुरा, योइची ताकाबायाशी, डोनाल्ड रिची अशा मंडळींबरोबर त्याने प्रायोगिक चित्रपटांचा गट जमवला. त्यांचे चित्रपट थिएटरांत लागत नसत. गॅलऱ्यांत आणि सभागृहांत दाखवायचे. १९६६ चा ‘इमोशन’ हा त्यातला सगळ्यात गाजलेला, १६ मिमीवरचा, पाऊण तासाच्या आतबाहेरचा. एक समुद्रकाठची मुलगी शहरात येते, त्यात रक्तपिपासू भूत आहे, छत्र्या आहेत, उड्या आहेत, थांबून थांबून टिपलेल्या हालचाली आहेत. जपानभरच्या कॉलेजांतून तो फिरला. ‘हाउस’चं सगळं व्याकरण अकरा वर्षं आधी त्यात तयार आहे.

मग जाहिराती आल्या. प्रायोगिक सिनेमावाल्यांना जाहिरात म्हणजे बाटणं वाटायचं. त्याला मात्र त्यात ३५ मिमी फिल्म, चांगली लॅब आणि दुसऱ्याच्या पैशावर नवं काही करून बघायची मुभा दिसली. १९७० साली त्याने चार्ल्स ब्रॉन्सनला घेऊन मँडम या पुरुषांच्या प्रसाधनाची जाहिरात केली. घोडा, उघडं रान, उघडी छाती, शेवटी हनुवटीवरून हात फिरवत म्हटलेलं ते एक नाव. ती इतकी चालली की तांचो नावाच्या त्या कंपनीने पुढच्याच वर्षी स्वतःचं नाव बदलून मँडम करून घेतलं. कर्क डग्लस, सोफिया लॉरेन, कॅथरीन देनव, सगळे त्याच्या जाहिरातींत आले. अशा जाहिराती त्याने हजारोंनी केल्या. तीस सेकंदांत माणसाचं लक्ष पकडायचं, एकाही फ्रेमला आळशी राहू द्यायचं नाही, हे त्या हजारोंनी बोटांत भिनवलं असणार.

आता तुमचा पैशांचा प्रश्न. १९७५ साली ‘जॉज’ने जगभर गल्ला भरला. तोहोला आपलाही तसा काहीतरी हवा होता, म्हणून त्यांनी ओबायाशीला विचारलं. तो घरी गेला आणि त्याने शाळेत जाणाऱ्या मुलीला, चिगुमीला विचारलं, तुला कशाची भीती वाटते? त्याचं म्हणणं असं की मोठी माणसं समजेल तेवढ्याचाच विचार करतात आणि मग सगळं त्याच कंटाळवाण्या पातळीवर राहतं. मुलांना न समजावता येणारं सुचतं. चिगुमी म्हणाली, आरशातलं माझं प्रतिबिंब बाहेर येऊन मला खाईल. पियानोच्या पट्ट्यांत बोटं अडकतील. विहिरीत गार करायला सोडलेलं कलिंगड वर येताना माणसाचं डोकं दिसेल. म्हणून तुम्ही पाहिलेल्या भुतांना कुठलंही शास्त्र नाही. श्रेयनामावलीत मूळ कल्पनेसाठी त्या मुलीचं नाव आहे. पटकथा चिहो कात्सुराची.

तोहोने पटकथा मंजूर केली आणि नंतर दोन वर्षं काहीच हललं नाही. स्टुडिओतला एकही दिग्दर्शक हे करायला तयार नव्हता. हे केलं तर आपलं नाव कायमचं जाईल अशी भीती. आणि ओबायाशीला द्यायचं तर तो स्टुडिओचा माणूस नव्हता. तिथे वर्षानुवर्षं सहायक म्हणून राबल्यावर दिग्दर्शकाची खुर्ची मिळायची. बाहेरचा जाहिरातवाला थेट आत येणं त्या पद्धतीत बसतच नव्हतं.

मग त्याने जे केलं ते जाहिरातवालाच करू शकतो. न काढलेल्या चित्रपटाची जाहिरात सुरू केली. ‘हाउस’ची कादंबरी आली, मांगा म्हणजे चित्रकथा आली, रेडिओवर नाट्यरूपांतर झालं, चित्रपटाचं संगीत ध्वनिमुद्रिकेवर विकायला आलं. चित्रपटाचा पत्ता नाही आणि पोरं विचारतायत, लागणार कधी? शेवटी स्टुडिओने हात टेकले. तोहोच्या लोकांनी त्याला सांगितलं म्हणे की समजणाऱ्या चित्रपटांत पैसे बुडवून आम्ही कंटाळलो आहोत, आता हा न समजणारा करून बघू. मला यात त्या स्टुडिओचं मोठेपण दिसतं. आपलं गणित चुकतंय हे मान्य करून बाहेरच्या माणसाला मोठा मंच, मोठा सेट आणि दोन महिने द्यायला धाडस लागतं.

चित्रीकरणात तो सेटवर तयार संगीत वाजवायचा, त्या तालावर मुली वावरायच्या. त्या सातजणींतल्या बहुतेक नवख्या होत्या. मावशी झालेली योको मिनामिदा मात्र नावाजलेली अभिनेत्री. ३० जुलै १९७७ ला तो मोमोए यामागुचीच्या एका प्रेमपटाबरोबर जोडीने लागला. म्हणजे आवडती गायिका बघायला आलेल्या शाळकरी मुलामुलींना आधी किंवा नंतर हा बघावा लागला. समीक्षकांनी नाकं मुरडली. त्या मुलांनी डोक्यावर घेतला. ओबायाशीला ब्लू रिबनचा नवोदित दिग्दर्शकाचा पुरस्कार मिळाला, वयाच्या चाळिशीच्या उंबरठ्यावर. पाश्चात्य देशांत तो खऱ्या अर्थाने पोचला थेट २००९-१० मध्ये, अमेरिकेत मध्यरात्रीच्या खेळांना गर्दी व्हायला लागली तेव्हा. तुमच्या खोलीवरचं हसू त्या खेळांतून आलंय. ते हसू खोटं नाही, चित्रपट मजेशीरच आहे. पण जगाला त्याचा हा एकच चित्रपट माहीत असणं हा त्याच्यावर मोठा अन्याय आहे.

आता ते वाक्य. १९४५ च्या ऑगस्टमध्ये ओबायाशी सात वर्षांचा होता, त्याच हिरोशिमा प्रांतात. ‘हाउस’ची मावशी एका न परतलेल्या माणसाची वाट बघत मेली आणि मेल्यावरही बघतेय. ज्या मुलींना खातेय त्या लग्नाच्या वयाला येणाऱ्या, युद्ध न पाहिलेल्या, आनंदी. ढगाकडे बघून त्यांना खाऊ आठवतो. त्यांचा काही दोष नाही. त्यांना कुणी सांगितलेलंच नाही. माझ्या मते सगळा चित्रपट त्या एका ओळीसाठी रचलाय, आणि पुढची बेचाळीस वर्षं हा माणूस त्या मुलींना, म्हणजे त्यांच्यासारख्या प्रेक्षकांना, जे सांगितलं नव्हतं ते सांगत राहिला.

आणि तो खोटेपणा, कडा दिसणारे क्रोमा (एका चित्रावर दुसरं बसवण्याची युक्ती), कापून चिकटवल्यासारखे उडणारे पाय. लोक म्हणतात, त्या काळी तंत्र कच्चं होतं. तोहो स्टुडिओत? जिथे ‘गोजिरा’, म्हणजे गॉडझिला, घडला तिथे? तिथे हवं ते करून द्यायला माणसं बसली होती. ओबायाशीला मुलाने केल्यासारखेच दिसणारे परिणाम हवे होते. मी धंद्यात आयुष्यभर जोड लपवायला शिकलो. हा माणूस जोड दाखवतो. याबद्दल पुढे लिहीन, आता हात दुखले.

•

तिसरी_घंटा

स्टीनबेकसाहेब, मनापासून लिहिलंत, वाचायला आवडलं. पण मला या दिग्दर्शकाशी एक भांडण आहे आणि ते इथे मांडलंच पाहिजे, कारण नवीन बघणाऱ्याला ते आधी माहीत असावं.

मी ऐंशीच्या दशकातले त्याचे पाच-सहा चित्रपट पाहिलेत. त्यातल्या शाळकरी मुलींकडे कॅमेरा ज्या नजरेने बघतो ते मला खुपतं. ‘हाउस’मध्येही आहे आणि १९८२ च्या ‘तेनकोसेई’मध्ये तर आहेच. त्या काळी तिथे ते चालायचं, हे उत्तर मला पुरत नाही. शिवाय सगळीकडे हरवलेल्या पौगंडाचा गोडवा. पियानो, संध्याकाळ, कुणीतरी निघून जातंय. एक चित्रपट छान वाटतो, तिसऱ्याला गुदमरायला होतं.

रंगमंचावर काम केलेली बाई म्हणून त्याच्या रंगवलेल्या आकाशांवर माझा जीव आहे, तो भाग मान्य. आमच्याकडे पडदा रंगवलेला असतो हे प्रेक्षकाला माहीत असतं, आणि तरीही दुसऱ्या अंकात तो रडतो. सिनेमावाले हे विसरले, ओबायाशी विसरला नाही.

माझा प्रश्न असा, की युद्धाचा धागा तुम्ही ‘हाउस’पासून शेवटपर्यंत ओढताय, पण मधल्या वीस-पंचवीस वर्षांत तो कुठे आहे? कादोकावा या निर्मितीसंस्थेच्या, गाणाऱ्या पोरींच्या चित्रपटांत तर मला दिसला नाही.

•

मुकाइशिमा_फेरी

नमस्कार. मी कामानिमित्त फुकुयामाला राहते, मूळची चिपळूणची. ओनोमिची इथून लोकलने वीसेक मिनिटांवर, त्यामुळे सुट्टीच्या दिवशी पाय आपोआप तिकडे वळतात. मधल्या वर्षांबद्दल थोडं मी सांगते, कारण ते चित्रपट मी गाव पाहिल्यावर पाहिले आणि मला ते वेगळेच दिसले.

गाव असं आहे: डोंगर, मग रेल्वेरूळ, मग एक लांब बाजारपेठ, मग पाणी. पाणी इतकं अरुंद की समोरच्या मुकाइशिमा बेटावर सायकल घेऊन फेरीने पाच मिनिटांत पोचता. पलीकडे जहाजबांधणीच्या क्रेन उभ्या. डोंगरावर घरं आणि देवळं एकमेकांच्या अंगावर चढलेली, मधून पायऱ्यांच्या गल्ल्या. गाडी वर जात नाही. म्हातारी माणसं बाजाराच्या पिशव्या घेऊन थांबत थांबत चढतात. दिग्दर्शक ओझूच्या ‘टोकियो स्टोरी’तले आईवडील याच गावचे, १९५३ मध्ये ते इथे चित्रित झालं, त्यामुळे आपल्याकडच्या फिल्म सोसायटीवाल्यांनी हे गाव न कळत पाहिलेलं असतं.

‘तेनकोसेई’मध्ये एक मुलगा आणि एक मुलगी देवळाच्या दगडी पायऱ्यांवरून गडगडत खाली येतात आणि त्यांची शरीरं बदललेली असतात. ते मिसोदे तेनमांगू देऊळ, तिथे पंचावन्न पायऱ्या आहेत. त्या पायऱ्यांवर उभं राहिलं की घरांच्या कौलांपलीकडे पाण्याची पट्टी दिसते. मुलगा मुलीच्या शरीरात अडकून जे शिकतो ते त्या पोरवयात किती जड आहे हे मला तिथे बसून जाणवलं. तिसरी_घंटा यांचा आक्षेप मला पटतो, काही दृश्यं मलाही बघवत नाहीत. पण त्याच चित्रपटात मुलाला पहिल्यांदा कळतं की मुलगी असणं म्हणजे सतत कुणीतरी आपल्याकडे बघत असणं. दोन्ही गोष्टी त्या एकाच चित्रपटात आहेत.

१९८३ चा ‘तोकी ओ काकेरु शोजो’ तरुण मंडळींना २००६ च्या अ‍ॅनिमेमुळे माहीत असेल. मूळ कथा यासुताका त्सुत्सुईची. ओबायाशीचा चित्रपट कृष्णधवल सुरू होतो आणि हळूहळू त्यात रंग शिरतो. नायिका तोमोयो हारादा, तिचं हे पहिलंच मोठं काम. चित्रपट उदास संपतो आणि मग श्रेयनामावलीत ती प्रत्येक प्रसंगाच्या जागी उभी राहून शीर्षकगीत गाते, मेलेली-जिवंत सगळी पात्रं तिच्याबरोबर. माझ्या जपानी सहकारी बायका, आता पन्नाशीच्या, ते गाणं लागलं की काम थांबवतात.

आणि १९८५ चा ‘साबिशिनबो’. एक शाळकरी मुलगा, त्याची करवादलेली आई, आणि चेहरा पांढरा रंगवलेली एक खट्याळ मुलगी जी अचानक घरात प्रकट होते. ती त्याच्या आईचं सोळा वर्षांचं रूप आहे. आईला एकेकाळी शोपँचा एक तुकडा वाजवणारा कुणीतरी आवडत होता, म्हणून ती मुलाच्या मागे पियानोसाठी लागते. आपल्या आईलाही एक वय होतं, एक माणूस आवडत होता, आणि ती गोष्ट आपण कधी विचारलीच नाही. मी चिपळूणला फोन केला तो बघून. तिसरी_घंटा, युद्ध थेट नाही यात. पण ‘हाउस’मधली मावशी आणि ही आई एकाच घरातल्या वाटतात मला. जे झालं नाही त्याची वाट बघणाऱ्या बायका.

गावाबद्दल एक सांगायचं राहिलं. या तीन चित्रपटांनंतर तरुण मुलांच्या झुंडी हातात नकाशे घेऊन यायला लागल्या. गावातल्या काहींना वाटलं, चला, आता पाट्या लावू, नवं काही बांधू. ओबायाशीचं म्हणणं उलटं होतं: मोडकं आहे ते मोडकंच राहू दे, जुनं जपा. आज तिथे फिरताना ज्या गल्ल्या उरल्यात त्या बघून वाटतं, बरं झालं कुणीतरी तसं म्हणालं.

•

जुना_स्टीनबेक

फेरीताई, ‘साबिशिनबो’बद्दल तुम्ही लिहिलंत त्यात मी काही भर घालू शकत नाही.

तिसरी_घंटा, नजरेबद्दलचा तुमचा आक्षेप मी पुसून टाकणार नाही. तो खरा आहे आणि बघणाऱ्याने तो बरोबर घेऊनच बघावं. कादोकावाबद्दल म्हणाल तर १९८१ च्या ‘नेरावारेता गाकुएन’मध्ये हिरोको याकुशिमारू आहे, म्हणजे त्या वेळची सगळ्यात लाडकी किशोरवयीन तारका. गोष्ट काय आहे? शाळेत एक नवी मुलगी येते आणि शिस्तीच्या नावाखाली गणवेशातली पोरं गस्त घालायला लागतात, एकेक जण तिच्या बाजूला जातो. दंडावर फीत बांधलेली ती पोरं ओबायाशीने कुठून आणली असतील? युद्धकाळात तो अशाच शाळेत शिकला होता.

१९८९ चा ‘बेइजिंग वॉटरमेलन’ बघा. तोक्योजवळच्या फुनाबाशीचा एक भाजीवाला चिनी विद्यार्थ्यांना मदत करता करता स्वतःचं दुकान बुडवतो. शेवटी ती मुलं त्याला बेइजिंगला बोलावतात. त्या जूनमध्ये बेइजिंगच्या तिआनआनमेन चौकात हत्याकांड झालं आणि चित्रीकरणाला चीनमध्ये जाता आलं नाही. दुसऱ्या कुणी तो भाग वगळून जोड लपवला असता. ओबायाशीने पडदा काही सेकंद कोरा ठेवला, आणि भाजीवाला झालेला नट कॅमेऱ्याकडे वळून प्रेक्षकांशी बोलतो. संकलक म्हणून सांगतो, कोरी फिल्म लावणं ही सगळ्यात अवघड गोष्ट आहे. हात थरथरतो. आणि त्या कोऱ्या सेकंदांत युद्ध, सत्ता, मेलेली पोरं, सगळं आहे.

आता तो जोड दाखवण्याचा मुद्दा पुरा करतो. सात वर्षांच्या मुलाला शाळेत एक चित्र खरं म्हणून दाखवलं गेलं, आणि युद्ध हरल्यावर एका दिवसात तीच मोठी माणसं म्हणाली, ते खोटं होतं, आता हे खरं. असा मुलगा मोठेपणी खऱ्यासारख्या दिसणाऱ्या चित्राचा धसका घेणार. तो तुम्हाला सांगत राहणार, हे मी केलंय, हे बघा कात्रीचे दात, आता ठरवा मानायचं का. हे माझं वाचन आहे, पण शेवटचे चार चित्रपट बघून मला त्याबद्दल शंका उरली नाही.

ते चार असे. २०१२ मध्ये, म्हणजे जपानमधल्या मोठ्या भूकंप-त्सुनामीनंतरच्या वर्षी, ‘कोनो सोरा नो हाना’ आला, नागाओका शहरावर. १ ऑगस्ट १९४५ च्या रात्री अमेरिकी विमानांनी ते शहर जाळलं, चौदाशेच्या वर माणसं गेली. त्याआधी २० जुलैला तिथे एक सरावाचा बाँब पडला होता, नागासाकीवर टाकायच्या बाँबच्याच आकाराचा. आज तेच शहर ऑगस्टच्या सुरुवातीला जपानमधल्या सगळ्यात मोठ्या आतषबाजींपैकी एक करतं, मृतांच्या आठवणीसाठी. आकाशातून पडणारी आग आणि आकाशात फुलणारी आग. त्यात एक शाळकरी मुलगी एकचाकी सायकलवरून फिरते आणि तिने लिहिलेल्या नाटकाचं नाव आहे, युद्ध टाळायला अजून वेळ आहे. पात्रं इतक्या वेगाने बोलतात, चित्रं इतक्या वेगाने कोसळतात की पहिली वीस मिनिटं दम लागतो. चौऱ्याहत्तर वर्षांचा माणूस हे करतोय. विशीतला मुलगाही करायला धजणार नाही.

मग २०१४ चा ‘नो नो नानानानोका’, होक्काइदोमधल्या आशिबेत्सु या बंद पडलेल्या कोळशाच्या गावात. एक म्हातारा डॉक्टर मरतो, घरातली घड्याळं दोन सेहेचाळीसला थांबलेली. ती २०११ च्या त्या भूकंपाची वेळ. त्याच्या मृत्यूनंतरच्या विधींच्या सात आठवड्यांत घरच्यांना त्याचं युद्ध हळूहळू कळतं. शेतातून वाद्यं वाजवत एक ताफा जातो तो विसरता येत नाही.

२०१७ चा ‘हानागातामी’ हा मला सगळ्यात मोठा वाटतो. काझुओ दान या लेखकाची १९३७ ची कथा. याची पटकथा ‘हाउस’च्याही आधीची, सत्तरच्या दशकातली, म्हणजे हाच त्याचा पहिला चित्रपट व्हायचा होता. चाळीस वर्षांनी कारात्सु गावात चित्रीकरण सुरू होत असतानाच डॉक्टरांनी सांगितलं, फुप्फुसाचा कर्करोग, चौथा टप्पा, काही महिने. त्याने चित्रीकरण थांबवलं नाही. १९४१ सालचे शाळकरी मुलगे आहेत, आणि त्यांच्या भूमिका तिशीतल्या नटांनी केल्यात. आधी विचित्र वाटतं. नंतर लक्षात येतं, जे तिशीपर्यंत पोचलेच नाहीत त्यांना तो तिशी देतोय. बाखचं चेलोवादन पुन्हा पुन्हा येतं, चंद्र रंगवलेला, समुद्र चिकटवलेला, रक्त गुलाबाच्या पाकळ्यांचं. मुख्य पात्र आणि त्याची नात्यातली आजारी बहीण यांचा एक प्रसंग मी संकलनाच्या टेबलावर असल्यासारखा फ्रेमफ्रेमने पाहिलाय. एका संवादात नजरेच्या दिशा तो मुद्दाम उलट लावतो. आम्हाला पहिल्या वर्षी शिकवतात की असं कधी करायचं नाही. माणसं समोरासमोर असून एकमेकांकडे बघत नाहीत असं त्यामुळे वाटतं, आणि त्या वर्षी, त्या देशात, तसंच असणार. मायनिचीचा त्या वर्षीचा सर्वोत्तम चित्रपटाचा पुरस्कार याला मिळाला.

शेवटचा ‘लॅबिरिंथ ऑफ सिनेमा’. वीस वर्षांनी ओनोमिचीला परत. समुद्राकाठचं एक जुनं थिएटर बंद होतंय, शेवटच्या रात्री युद्धपट दाखवतायत, आणि तीन तरुण प्रेक्षक पडद्यात ओढले जातात. सामुराईंच्या लढाया, चीनवरचं आक्रमण, ओकिनावा, आणि शेवटी हिरोशिमा. तिसरी_घंटा, हा तुम्ही जरूर बघा. त्यात साकुरा-ताई (‘ताई’ म्हणजे पथक) नावाची नाटकमंडळी आहे. खरी मंडळी, ऑगस्ट १९४५ मध्ये त्यांचा मुक्काम हिरोशिमात होता. ते तीन मुलगे त्या नटांना वाचवायला धावतात. सिनेमात तरी वाचवता येईल, असं त्यांना वाटतं. आणि ‘हाउस’मधल्या मुलीचं नाव, फँटा, इथे एका अंतराळात तरंगणाऱ्या म्हाताऱ्याला दिलंय.

जपानमध्ये हा १० एप्रिल २०२० ला लागायचा होता. कोरोनामुळे थिएटरं बंद झाली, प्रदर्शन पुढे गेलं. त्याच १० एप्रिलला ओबायाशी गेला, ब्याऐंशीव्या वर्षी. चित्रपट जुलैअखेर लागला.

•

तिसरी_घंटा

साकुरा-ताईबद्दल मी वाचलंय. सादाओ मारुयामांची मंडळी. सरकारने कारखान्यांत आणि गावोगाव प्रयोग करायला पाठवलेली. मला माहीत नव्हतं की ओबायाशीने त्यांच्यावर काही केलंय. हा मी या आठवड्यात बघते. माझं पहिलं भांडण कायम आहे, पण भाजीवाल्याच्या चित्रपटातल्या कोऱ्या पडद्याबद्दल वाचून तोही शोधणार आहे.

•

खडकवासला

एवढं कुणी लिहील असं वाटलं नव्हतं. सगळ्यांचे आभार. दोन गोष्टी विचारतो. थेट ‘हानागातामी’ बघितला तर झेपेल का, की आधी ओनोमिचीचे तीन? आणि जाहिराती कुठे बघायला मिळतात?

•

मुकाइशिमा_फेरी

आधी ‘साबिशिनबो’ बघा. शक्य असेल तर आईबरोबर.

•

जुना_स्टीनबेक

फेरीताईंचा क्रम बरोबर आहे. ‘साबिशिनबो’, मग ‘बेइजिंग वॉटरमेलन’, मग ‘हानागातामी’. ‘इमोशन’ मध्ये कधीही बघा, छोटा आहे. ‘लॅबिरिंथ’ तीन तासांचा आहे आणि मित्रांना घेऊन बघा, त्याच खोलीवर. पहिल्या तासात ते हसतील. हसू द्या, तिथे त्यालाही हसवायचंच आहे. मँडमची जाहिरात नेटवर सहज सापडते, ब्रॉन्सनच्या नावाने शोधा. आवाज बंद करून एकदा बघा आणि कट मोजा.